पप्पांनी हो म्हटलं

५ जानेवारी, सोमवार

शाळेतून फोन. समोर ट्रेलरची रांग, हातात गेट पासचा गठ्ठा, आणि बाई म्हणतात, "जुईची आई, जरा येऊन जा." अर्धा दिवस टाकून गेले. गणिताची चाचणी कोरी. एक आकडा नाही. वर नाव मात्र सुबक अक्षरात.

"येत नव्हतं का गं?"

"येत होतं."

"मग?"

खाली मान. नख खात उभी.

बाईंनी विचारलं, घरी टॅब आहे का? आहे म्हटलं. "मग झालं," म्हणाल्या. तो 'मग झालं' अजून डोक्यात ठणकतोय. राग आला, पण खोटं कुठे आहे? पोरगी घरात असून नसते. भिंतीला पाठ, गुडघे पोटाशी, टॅब गुडघ्यावर. तिसऱ्या हाकेला "हं". सात वर्षांची पोर, दुसरीत, आणि माझ्याशी दिवसाला दहा शब्द बोलत नाही. हीच पोर गेल्या वर्षी इतकी बडबडायची की मी हात जोडायचे.

घरी येऊन टॅब घेऊन बसले. गेमच गेम. केक करायचा. मांजराला आंघोळ घालायची. नखं रंगवायची. बस चालवायची. चार पानं भरून. म्हटलं आज एकेकाला हाकलते. बोट दाबून धरलं, 'काढून टाका' आलं, दाबलं. तर टॅब मलाच विचारतोय: पालकाचा पासवर्ड टाका.

अरे मेल्या, मी कोण मग? शेजारीण?

लग्नाची तारीख टाकली. चालणार नाही हे ठाऊक होतं, तरी आधी तीच टाकली. मग जुईचा वाढदिवस. मग सासूचं नाव. मग नवऱ्याच्या जुन्या ट्रेलरचा नंबर. शेवटी टॅब म्हणाला, अर्ध्या तासाने प्रयत्न करा. फेकणार होते खिडकीतून.

६ जाने., मंगळ

हे कुलूप महेशने लावून घेतलंय. गेल्या फेब्रुवारीत मस्कतला ट्रेलर चालवायला गेला, त्याच्या आदल्या दिवशी नाक्यावरच्या दुकानातून टॅब आणला. "वाईटसाईट काही दिसणार नाही पोरीला. मला विचारल्याशिवाय एक गेम टाकता येणार नाही, काढताही येणार नाही." किती कौतुक वाटलं होतं मला. माणूस लांब जाऊनसुद्धा लक्ष ठेवणार म्हणे.

आज सकाळी फोन केला. नाही उचलला. जेवणाच्या सुट्टीत केला. नाही. आवाजी निरोप टाकला, "टॅबचा पासवर्ड पाठव, लगेच." ऐकलाय. दोन निळ्या खुणा दिसतात. उत्तर नाही.

सासूला सांगितलं तर म्हणे, "त्याला तरास नको देव गो. तिकडं उनात गारी चालवतंय तो."

आणि मी काय सावलीत मोदक वळतेय? कंटेनर यार्डाच्या गेटवर पत्र्याच्या खोक्यात बसते, दर दोन मिनिटांनी एक हॉर्न कानात. ओठावर आलं. गिळलं.

८ जाने., गुरु

नवीन गेम!

परवा मी स्वतः मोजले होते. आज एक जास्त. घोड्याला सजवायचा. गुलाबी शेपटीचा घोडा.

"कोणी टाकला हा?"

"मीच."

"पासवर्ड कुठून मिळाला तुला?"

"पासवर्ड नाही लागत. विचारायचं असतं." आणि मला शिकवते, शांतपणे, जणू मी पहिलीतली. गेमवर दाबायचं. 'पालकांना विचारा' येतं. त्यावर दाबायचं. मग थांबायचं. मग टॅबवर येतं. तिने दाखवलं. वर महेशचा फोटो, तो पिवळ्या टी-शर्टातला, आणि खाली: 'पप्पा यांनी तुमची विनंती मंजूर केली.'

"पप्पांनी हो म्हटलं," जुई म्हणाली.

तळपायाची आग मस्तकात गेली. बायकोचा फोन उचलायला वेळ नाही आणि गुलाबी घोड्याला हो म्हणायला आहे? मी तीन दिवस पासवर्डसाठी नाक घासतेय, आणि हा तिकडून गेम वाटत सुटलाय? पोरगी वाया चालली तरी चालेल, पप्पा गोड राहिले पाहिजेत. वाईट कोण? आई. ओरडते कोण? आई. डबा, अभ्यास, उवा, ताप, सगळं आईचं. याचं काम एकच. हो म्हणायचं!

सगळं त्याला आवाजी निरोपात बोलले. तीन मिनिटं. मध्ये दोन शिव्याही गेल्या. गेल्या तर गेल्या.

९ जाने., शुक्र

आलं उत्तर. लिहून. "कसले गेम? मी काय केलं नाय. ड्युटीवर आहे. डोकं नको खाऊस."

खोटारडा. फोटोसकट पुरावा आहे माझ्याकडे.

११ जाने., रवि

म.चा फोन आला. सासूच्या मोबाइलवर, नेहमीसारखा. पहिले चारसहा महिने रोज साडेसातला व्हिडिओ यायचा टॅबवर. जुई अंघोळ करून, केस विंचरून बसायची. गणपतीनंतर आठवड्यातून एकदा. दिवाळीनंतर टॅबवर नाहीच. रविवारी आईला दोन मिनिटं, "जेवलीस का, गोळ्या घेतेस का," आणि जमलं तर जुईला एक वाक्य. आज जुईला विचारलं, "शाळेत जातेस ना?" ती म्हणाली, "हो." संपलं. मी हात पुढे केला तर म्हणे, नेट जातंय. आणि गेलंच. बरोबर माझ्याच वेळेला जातं ते नेट.

जुईला मी विचारलं, पप्पांना घोड्याचं का नाही सांगितलंस? म्हणाली, "त्यांना माहितीय की."

१२ जाने., सोम

टॅब कपाटावर ठेवला, वरच्या सुटकेसच्या मागे. रडली नाही. मला वाटलं होतं घर डोक्यावर घेईल. सातपर्यंत पाढे म्हटले, चित्र काढलं. मग माझ्या मागे मागे. "आई, पाच मिनिटं दे." नाही. "एकच मिनिट." नाही म्हणजे नाही. "खेळणार नाही, फक्त बघते." गेमचं व्यसन ते हेच, असं म्हणून मी आणखी चिडले. पाठीत धपाटा घातला.

सासूने स्टुलावर चढून टॅब काढून दिला. पंच्याहत्तरीची बाई, गुडघे धरलेत, स्टुलावर! "पोरीला मारतंस कनाला?"

रात्रीची भांडी आपटून आपटून घासली.

१४ जाने., बुध

संक्रांत. तिळगूळ यार्डातल्यांना वाटला. गोड बोला म्हणे. आज मला कोणी ते सांगायला नको होतं.

जुईने टॅबसमोर तिळाचा लाडू धरला होता. "काय करतेस?" तर पटकन खाऊन टाकला.

१७ जाने., शनि

कल्पनावहिनीकडे हळदीकुंकू. जायचं नव्हतं. शेजारची, समोरच्याच दारात, नाही गेले तर वर्षभर ऐकायचं. गेले. प्लास्टिकचं सूप मिळालं वाणात. आणि झालंच सुरू: नाव घे, नाव घे. "महेशभाऊ नाहीत म्हणून काय झालं, नाव तर घ्यायला हवं!" दहा बायका माझ्या तोंडाकडे बघतायत.

घेतलं मग.

हळदीकुंकवाला आले, वाणात मिळालं सूप,
महेशराव मस्कतला गेले, तेव्हापासून चूप!

आधी सगळ्या खो खो हसल्या. मग माझं तोंड बघून थांबल्या. कल्पनावहिनी पटकन म्हणाली, मसाला दूध घ्या, मसाला दूध घ्या.

पण जाण्याचा फायदा झाला. दूध पिताना टॅबचं रडगाणं सांगितलं, तर कल्पनावहिनी म्हणते, "अगं पासवर्ड तुझ्या नवऱ्याकडे कशाला असेल? बाळाशेठकडे असणार. आमच्या ओमच्या टॅबचा त्याच्याकडेच आहे." दुसरी म्हणाली, माझ्या फोनचा पण. तिसरी म्हणाली, आमच्या गॅसच्या नंबरचा पण. सगळ्यांचं सगळं बाळाशेठकडे! आणि बायका हे अशा सांगतायत, जशी जास्तीची चावी शेजारी ठेवलीय.

सोमवारी जाते. बघतेच.

१९ जाने., सोम

राग अजून उतरलेला नाही. लिहिते तरी.

बाळाशेठचं दुकान नाक्यावर. आधी एसटीडीचं बूथ होतं, मग रिचार्ज, आता मोबाइल, टॅब, कव्हरं. साठीचा माणूस, गळ्यात दोरीचा चष्मा. ड्युटीच्या आधी शटर उघडतानाच गाठला.

"शेठ, महेशने घेतलेल्या टॅबचा पासवर्ड पाहिजे."

"देतो की वहिनी." वही काढली. शंभरपानी, कोपरे दुमडलेली. गावातली निम्मी पोरं त्या वहीत. नाव, टॅब, पासवर्ड. पासवर्ड सगळ्यांना एकच! त्याच्या दुकानाचं नाव आणि एक दोन तीन.

म्हटलं, मग हे विचारायचं काय असतं? पोरगी विचारते, महेश हो म्हणतो, ते कसं?

तर हसला. गल्ल्याजवळ एक जुना फोन चार्जिंगला लावलेला, काच तडकलेली. तो उचलला. "महेश कुठला? मीच की. महेश बोलला, शेठ, तिकडं गेलो की इकडचं सिम बंद, ओटीपी कुठं येणार? मग मी आयडी माझ्या नंबरावर काढला. नाव टाकलं पप्पा, फोटो त्याचा लावला. पोरीला बरं वाटेल."

"आणि हो कोण म्हणतं?"

"टिंग वाजलं की दाबतो. समोर गिऱ्हाईक असतं, बघत कोण बसतो? लहान पोरांचेच गेम. नाय म्हटलं तर रडतात उगाच."

मी गेटवर बसते. पासवर सही नसेल तर चाळीस फुटी ट्रेलर उभा ठेवते, ड्रायव्हर आईबहिणीवरून बोलला तरी सोडत नाही. आणि माझ्या पोरीच्या गेटवर अकरा महिने हा माणूस न बघता सह्या ठोकत होता, माझ्या नवऱ्याच्या नावाने!

बोलले. फार बोलले. शेजारचा वडेवाला बाहेर येऊन बघायला लागला. बाळाशेठचा चेहरा पडला. म्हणाला, "वहिनी, तुमचे सासरे बोटीवर असताना त्यांचा फोन माझ्याच बूथवर यायचा. मी धावत सांगायला यायचो तुमच्या घरी. गावाचे निरोप मीच पोचवलेत."

"निरोप पोचवायचे शेठ, मनाने बनवून नाही द्यायचे!"

त्याने चष्मा काढला. मग फोन माझ्यापुढे सरकवला. "बघा तुम्हीच. पण एक सांगतो, पोरगी खेळत नाय."

"म्हणजे?"

त्यात सगळं दिसतं. कुठला गेम किती वेळ उघडला. केक, शून्य मिनिटं. मांजर, शून्य. नखं, एक मिनिट. घोडा, शून्य. खाली खाली गेले, शून्य, शून्य, शून्य. आणि विनंत्यांची यादी. प्रत्येकीची वेळ लिहिलेली. साडेसात. सात एकतीस. साडेसात. सात अठ्ठावीस. दिवाळीनंतर एक दिवस खाडा नाही. शेवटच्या काही तर गेमसुद्धा नाहीत. बॅटरी. होकायंत्र. मराठी-अरबी शब्दकोश. पाऊस पडेल का ते सांगणारं काहीतरी.

सात वर्षांच्या पोरीला होकायंत्र कशाला हवं? कशालाच नको. तिला ते 'हो' पाहिजे. रोज साडेसातला बापाकडून एक हो.

पप्पांनी हो म्हटलं. आणि पप्पा कोण, तर कव्हर विकता विकता बोट दाबणारा बाळाशेठ.

दुकानात उभी राहून रडले असते. नाही रडले. आयडी माझ्या फोनवर करून घेतला, नाव-फोटो तसेच राहू दिले, त्याच्या फोनवरून काढायला लावला, पासवर्ड बदलला. यार्डात दीड तास उशीर. साहेबांनी विचारलं काय झालं, तर त्यांच्यावरही खेकसले.

१९ जाने., परत

एक विसरले. साडेसातला काही वाजलं नाही माझ्या फोनवर. मी तो सायलेंट केला होता. मुद्दाम. नंतर बघितलं, आलेलं होतं. रंग भरायचं पुस्तक. सात तेहेतीस. मी तसंच ठेवलं.

२० जाने., मंगळ

आज वाजला. डाळीला फोडणी देत होते. टिंग. 'जुईला शिट्टीचा आवाज हे ॲप हवे आहे.' खाली दोन चौकोन. परवानगी द्या. नाकारा.

दारातून बघितलं. भिंतीला टेकलेली. टॅबकडे एकटक. काही चालू नाही त्यावर, नुसतं ते पान. मान वर नाही, पापणी नाही. मी याला व्यसन म्हटलं होतं. मी धपाटा घातला होता. माझे हात झडोत.

काही दाबता येईना. हो दाबावं तर मी बाळाशेठ. नाही दाबावं तर महेश नाही म्हणाला असं होतं. न दाबावं तर… ती बसली होती तशीच. नऊला सासूने उठवून ताटावर बसवली. दोन घास.

"काल पण हो नाय बोलले पप्पा," जुई सासूला हळूच म्हणाली. मला नाही. मला कळू नये म्हणून हळूच.

२१ जाने., बुध

म.ला यार्डातल्या साहेबांच्या फोनवरून लावला. अनोळखी नंबर, लगेच उचलला! सगळं सांगितलं. बाळाशेठ, फोटो, साडेसात, शून्य मिनिटं, कोरा पेपर. न ओरडता. देवाशप्पथ, न ओरडता.

त्याने ऐकून घेतलं. मग हसला. "बाळाशेठ पण ना!" मग म्हणतो, "बरं झालं मग. पोरगी खूश आहे ना? चालू दे की."

चालू दे की.

तीन शब्द. हे लिहिताना पेन कागदातून आरपार गेलंय.

म्हटलं, "महेश, तुझ्या जागी दुकानदार बसला तरी चालतंय का तुला?" तर, तुला नाही कळायचं, इथे बारा बारा तास, खोलीत सहा जण, पोरीचा चेहरा बघितला की मला दोन दिवस गाडी चालवता येत नाही, म्हणून नाही करत व्हिडिओ. खरं असेल. आवाज बदलला होता त्याचा. क्षणभर मला वाटलंही, जाऊ दे. पण मग माझी पोर आठवली. तुला त्रास होतो म्हणून तू बघत नाहीस, आणि तिला होतो त्याचं काय? तिने कोणाकडे बघायचं?

"आठवड्यातून एकदा. एक मिनिट. तिच्या टॅबवर, साडेसातला. शुक्रवारी."

"बघतो."

"बघतो नाही. हो की नाही ते बोल."

"साहेब आलाय," म्हणाला. कापला.

आणि ठरल्याप्रमाणे मेमध्ये येतोय का, ते विचारायचंच राहिलं. घरी सासूला विचारलं. ती तांदूळ निवडत राहिली. मग म्हणाली, "मे नाय गो. त्यानं वरीसभर वाढवलंय. मना बोललाय, तुना सांगू नको."

तुना सांगू नको! या घरात कुलूप फक्त माझ्यासाठी आहे. सगळ्यांकडे पासवर्ड आहेत.

२३ जाने., शुक्र

साडेसात. आठ. साडेआठ.

नाही केला.

जुईची विनंती आली होती. तराजू. मी नुसती बघत राहिले.

२५ जाने., रवि

आज ठरवूनच बसले. रोग मुळापासून काढायचा. गेम नाहीत, विनंत्या नाहीत, वाट बघणं नाही. जुईला बाजूला घेतलं, टॅब मांडीवर. "हे सगळं काढून टाकूया. तू खेळत नाहीस ना?"

"पप्पांना विचारलंस?"

"मी आहे ना. मला चालतं काढायला." पासवर्ड टाकला. कुलूप उघडलं. डोळे मोठे करून बघत होती.

केक काढला. मांजर काढलं. बस काढली. मला जोर आला. नखांवर बोट ठेवलं, तर तिने माझा हात धरला.

"हा नको."

"आवडतो तुला हा?"

"नाही. ह्याला पप्पांनी लगेच हो म्हटलं होतं."

मी थांबले. "आणि हा?"

"ह्याला खूप वेळ लागला. तेव्हा ते गाडी चालवत होते." घोड्यावर बोट ठेवलं. "ह्याला मी झोपल्यावर हो म्हटलं. सकाळी दिसलं. हा, ह्याला पण लगेच. तेव्हा ते जेवायला थांबले असतील."

सगळ्यांचं सांगितलं. एकूण एक. कुठला गेम काय आहे ते तिला धड माहीत नाही, पण कुठल्याला किती वेळ लागला ते पाठ आहे. बाळाशेठचं गिऱ्हाईक कधी गेलं आणि कधी आलं, ते माझ्या पोरीने बापाचा दिवस समजून पाठ केलंय. गणिताचा पेपर कोरा देणाऱ्या पोरीने!

टॅब बंद करून तिच्या हातात दिला. न्हाणीघरात जाऊन नळ सोडला आणि तोंडात पदर कोंबून रडले. महेश, तुझं तळपट होवो असं तोंडावर आलं होतं. नाही म्हटलं. तिचा बाप आहे.

सांगायला हवं तिला. मी सांगणार. कसं सांगू? दिवाळीपासूनची ही एवढी माया आहे तिच्यापाशी, आणि ती सगळी नाक्यावरच्या दुकानातून आलीय, हे कुठल्या तोंडाने सांगू?

२६ जाने., सोम

झेंडावंदनाला जुईसोबत शाळेत. येताना नाका लागला. बाळाशेठ दुकानातून उठून बाहेर आला. हातात चॉकलेट. द्यावं की नको असा उभा. जुई म्हणाली, "आई, ते काका आपल्याला बघतायत." मी तिला हात धरून ओढत नेलं. आता वाटतं, त्याच्यावर निघाला तो राग खरा त्याचा नव्हता. त्याने निदान रोज उत्तर तरी दिलं.

पण चॉकलेट नाहीच घेऊ दिलं. घरच्याने जे द्यायचं ते बाहेरच्याने किती दिवस द्यायचं?

२७ जाने., मंगळ

म.ला सकाळी लिहून पाठवलं. शिव्या नाहीत. "जुई रोज साडेसातला वाट बघते. तू येणार नाहीस हे मला कळलंय. तिला तू सांग. नाहीतर मी सांगेन, आणि माझ्या भाषेत सांगेन." वाचलंय. उत्तर नाही.

संध्याकाळी भाकऱ्या थापत होते. फोन ओट्यावर, पिठाच्या डब्याला टेकवलेला. सायलेंट करायचा विसरले, की नाही केला, देव जाणे. सात एकोणतीस. टिंग. 'जुईला दोन देशांचे घड्याळ हे ॲप हवे आहे.'

हात पिठाचे. तव्यावर भाकरी. म्हटलं, भाकरी होऊ दे, मग काय ते बघते.

मागे वळले तर जुई दारात. टॅब पोटाशी धरलेला. बघत होती, माझ्याकडे नाही, ओट्याकडे. फोनचा उजेड अजून विझला नव्हता. वर पिवळा टी-शर्ट घातलेला महेश, एवढासा, नखाएवढा.

तिने टॅब पोटापासून काढला. मान खाली घालून टॅबवर काहीतरी शोधलं. मग बोटाने दाबलं, सावकाश, आणि लगेच वर बघितलं.

टिंग.

"आई," म्हणाली, "तुझा फोन वाजतोय."

मी गॅस बंद केला. हात धुतले. पुसले. पुन्हा पुसले. सासू ओटीवरून विचारत होती, भाकरी करपली का गो?

दोन्ही विनंत्या अजून तशाच आहेत. पुढचं लिहायला घेतलं होतं, पण जुई मांडीला टेकून बसलीय, आणि तिला आता जोडाक्षरंसुद्धा वाचता येतात.